वाशाला कान

"पदर नीट करा म्हने! पदर माझा, घर माझं, चूल माझी. आनि नीट कसा करायचा ते हे सांगनार. आता आलेत इतक्या वर्सांनी, तवा दोन घटका गप बसतील तर नाय..."

मी पडवीत बसले होते आणि मथुरावहिनी आत चुलीपाशी होत्या. मध्ये कुडाची भिंत. तरी त्यांचं पुटपुटणं माझ्या कानात गालाला गाल लावून बोलावं तसं येत होतं, कारण अर्ध्या तासापूर्वी मीच त्यांच्या पदराआड बारीक माइक खोचला होता आणि तो चालू आहे हे त्या विसरल्या होत्या. लोक हमखास विसरतात. एका मंत्र्याला मी जिना चढताना धापा टाकत बायकोला शिव्या देताना ऐकलंय. आमच्या धंद्यात अशा वेळी हेडफोन काढून ठेवायचे असतात. मी कधीच काढलेले नाहीत.

"आलं घालू का नको? त्या सायबाचा घसा बसलाय. घालते."

भांड्यावर भांडं आपटलं. सरपणाची फाटी मोडल्याचा आवाज. मग एक श्वास.

तो वहिनींचा नव्हता. माणूस पाण्यातून वर येतो तेव्हा आधी ओठांतून फुर्र करून पाणी उडवतो आणि मग छाती फाटेल असा आत ओढतो, तो श्वास. माझ्या हातातला पेन्सिलीचा तुकडा खाली पडला.

आणि वहिनी, चहाची पूड टाकता टाकता, अगदी रोजच्या आवाजात म्हणाल्या, "आला कं? बस जरा."

मी दारातून डोकावले. आत वहिनी होत्या, चूल होती, आणि कोपऱ्यात झाकलेला पाण्याचा हंडा. बाकी कुणी नव्हतं.

"काय गो बाय, साखर जास्त लागते का तुला अजून?" त्यांनी विचारलं.

"नाही वहिनी. सोडली आता."

"बरा केलास," त्या म्हणाल्या आणि चहाकडे वळल्या.

ही दोन हजार नऊ सालच्या मे महिन्यातली गोष्ट. वेळखार नावाचं खाडीकाठचं गाव. आम्ही तिघं आलो होतो: अच्युत सरंजामे सर, कॅमेऱ्याला इक्बालभाई, आवाजाला मी. अठरा वर्षांपूर्वी त्याच गावात याच तिघांनी एक माहितीपट केला होता. खाडीच्या तळाशी डुबी मारून बादलीने वाळू काढणाऱ्या माणसांवरचा. त्याचं नाव 'डुबी'. सरांचं पुढचं सगळं, तीन मोठे चित्रपट, परदेशातले महोत्सव, पडेल चेहऱ्याने काढलेले ते वर्तमानपत्रातले फोटो, सगळं त्या अडतीस मिनिटांवर उभं राहिलं. माझंही. मी काही कुठल्या संस्थेत जाऊन आवाजाचं काम शिकले नाही. मी सरांच्या ऑफिसात टायपिंगला होते. वेळखारला हिशेबाच्या वह्या आणि गोळ्या-औषधं सांभाळायला म्हणून गेले. आमचा रेकॉर्डिस्ट मलेरियाने आडवा झाला आणि सर म्हणाले, "शालन, तुझे कान चांगले आहेत, बस मशीनवर." त्याने झोपल्या झोपल्या मला बटणं सांगितली. मी ती मनगटावर बॉलपेनने लिहून घेतली.

आता सर सदुसष्ट वर्षांचे होते. त्यांना कसलासा मोठा जीवनगौरव मिळणार होता आणि त्या समारंभासाठी ते स्वतःच्याच कामावर एक फिल्म करत होते. निदान मला आलेल्या पत्रात तसं लिहिलं होतं. खरं कारण त्यांनी पनवेल सोडल्यावर गाडीत सांगितलं, खिडकीबाहेर बघत.

"मी तिला सांगणार आहे, शालन. कॅमेऱ्यासमोर. नाही सांगितलं तर तो मान घ्यायला उभाच राहू शकणार नाही मी."

इक्बालभाईंनी गाणं बंद केलं. मी थर्मासचं झाकण घट्ट आहे का ते बघितलं. ते घट्टच होतं.

सांगायचं काय होतं, ते आम्हा तिघांना ठाऊक होतं. वहिनींचा नवरा, जोमादादा घरत, आमच्या माहितीपटाचा नायक. शूटिंगच्या शेवटच्या दिवशी तो खाडीत बुडाला. गावात, पोलिसांत आणि नंतर छापून आलेल्या प्रत्येक लेखात एकच गोष्ट सांगितली गेली: आमचं काम आटपल्यावर जोमाच्या लक्षात आलं की बादली खाली राहिली आहे, आणि ती आणायला तो आपणहून परत उतरला.

बादली होडीतच होती. माझ्या पायाशी.

तिकडच्या डुबीवाल्यांची एक रीत होती. दिवसातली शेवटची डुबी मारून माणूस वर आला की तो ओंजळभर पाणी कपाळाला लावायचा आणि खाडीला ऐकू जाईल असं मोठ्याने म्हणायचा, "झाली." एकदा झाली म्हटलं की त्या दिवशी पाण्यात पुन्हा पाय घालायचा नाही. खाडीने दिवसभर सोडलं, आता तिचं दार तिने लावून घेतलं, असं ते मानत. सरांना माहितीपटाचा शेवट त्याच शब्दावर हवा होता. जोमादादा वर आला, पाणी कपाळाला लावलं, झाली म्हणाला. पण नेमकी तेव्हा मागून एक लाँच गेली आणि तिच्या इंजिनाच्या आवाजात तो शब्द खराब झाला. म्हणून सर म्हणाले, "एकदा अजून."

तो उतरला. वर आला नाही. तिसऱ्या दिवशी ओहोटीला पुलाच्या खांबापाशी सापडला.

'डुबी'च्या शेवटी पहिल्याच वेळचं चित्र आहे. जोमादादाचा ओला चेहरा, ओठ हलतात, आणि आवाज नाही. पाण्याचासुद्धा नाही. सरांनी संकलनाच्या वेळी माझ्याकडे तो खराब का होईना, पण आवाज मागितला होता. मी म्हटलं, "तो पुसला मी, सर. कामाचा नव्हता." ते माझ्याकडे जरा वेळ बघत राहिले आणि "बरं" म्हणाले. मग त्यांनी तिथे शांतताच ठेवली. त्या शांततेवर समीक्षकांनी काय काय लिहिलं! कष्टकऱ्याचा हिरावलेला शब्द, वगैरे. ध्वनिमुद्रणाचं पारितोषिक मला त्या शांततेसाठी मिळालं. मी तेवीस वर्षांची होते. आईने ते टीव्हीवर ठेवलं आणि वर क्रोशाचा रुमाल घातला.

चहा झाला. ऊन कौलांवरून पडवीच्या कडेशी उतरलं होतं. इक्बालभाईंनी कॅमेरा लावला. वहिनी पाटावर भिंतीला टेकून बसल्या, सर त्यांच्यासमोर. पडवीच्या टोकाला एका खांबाजवळ धायादादा बसला होता, जोमादादाचा धाकटा भाऊ. त्या दिवशी होडीवर तोच होता. जन्मभर डुब्या मारून त्याचे दोन्ही कान गेले होते, कानांशेजारी तोफ डागली तरी त्याला कळलं नसतं. तो आमच्याकडे बघून हसला होता, मला ओळखलंही होतं, पण त्याने उजवा हात खांबावरून काढला नव्हता. पंजा पूर्ण टेकवलेला, आजाऱ्याच्या कपाळावर ठेवावा तसा.

सरांनी प्रश्न सुरू केले. माणूस मुद्द्यावर यायचं टाळतो तेव्हा किती हुशार प्रश्न विचारू शकतो, ते त्या दिवशी ऐकलं. वाळूचा धंदा कसा बसला. सक्शन पंप कधी आले. खाडीत मासळी राहिली का.

"मासली कुठची, सायेब? चिखलपन धड नाय राहिला."

"आणि मथुराबाई, तुम्ही... तेव्हाचं तुम्हाला काय आठवतं?"

"कवाचं?"

"आम्ही आलो होतो तेव्हाचं."

"आठवते ना. ही बाय बारकी होती. हिला खेकडं खायला येत नव्हतं. हे तिला फोडून देत." वहिनी माझ्याकडे बघून हसल्या. "नांगी चोखताना रडलेली, तिखट लागलं म्हनून."

"हो," सर म्हणाले. मी हेडफोनमध्ये त्यांचं आवंढा गिळणं ऐकलं. आता सांगणार. "मथुराबाई, मला एक... गावात आता नळ आलाय का?"

इक्बालभाईंनी कॅमेऱ्यामागून डोकं बाहेर काढून माझ्याकडे बघितलं आणि पुन्हा आत घेतलं.

"नल हाय. पानी नाय," वहिनी म्हणाल्या.

असं तासभर चाललं. शेवटी सर म्हणाले, "थोडं थांबू या. शालन, तू तुझी शांतता घेऊन टाक."

आमच्यात ही एक पद्धत असते. बोलणं संपलं की त्याच जागी सगळ्यांनी एक मिनिट गप्प बसायचं आणि नुसती जागा मुद्रित करून घ्यायची. प्रत्येक खोलीची आपापली शांतता असते, संकलनात ती लागते. वीज नव्हती, पंखे बंद. कावळासुद्धा नव्हता. मी हात वर केला, सगळे गप्प झाले.

पहिली वीस सेकंदं फक्त पडवी होती. मग आवाज आला.

फुर्र. आणि तो आत ओढलेला श्वास.

मी सगळ्यांच्या छात्यांकडे बघितलं. सर डोळे मिटून बसले होते. इक्बालभाई नाक खाजवत होते. वहिनी मात्र माझ्याकडेच बघत होत्या, हातातल्या घड्याळात पाहावं तशा.

मग काही नाही. मी मनात मोजू लागले. का, ते सांगता येणार नाही. ऐंशीपर्यंत मोजलं, मिनिट कधीच होऊन गेलं होतं, तरी मी हात खाली घेतला नव्हता. ऐंशीला पुन्हा. फुर्र. श्वास. आणि पाण्यात काहीतरी परत जाण्याचा आवाज, शिडकावासुद्धा न होता, सराईतपणे.

जोमादादा पाण्याखाली ऐंशी मोजायचा. मला माहीत होतं, कारण अठरा वर्षांपूर्वी त्याच्या प्रत्येक डुबीला मी होडीत बसून मोजत असे.

"झालं का, शालन?" सरांनी विचारलं.

"सर, कुणी... शेजारी पंप वगैरे आहे का वहिनी?"

"लाइट नाय गो," वहिनी म्हणाल्या. "पंप कसा चालंल?" मग त्या जराशा पुढे झुकल्या. "तुला ऐकू आला ना?"

"काय?"

"तुझ्या मशीनला ऐकू येनार, मना वाटलंच होतं. म्हनून तर तुमाला येवा बोलले. नायतर काय पडलंय मना तुमच्या सिनेमाचं?"

सर माझ्याकडे बघत होते, मग वहिनींकडे. "काय ऐकू आलं?"

वहिनी उठल्या, धायादादाजवळ गेल्या आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवला. त्याने वर बघितलं, त्यांनी बोटाने खांब दाखवून मान हलवली. तो सरकला, पण पंजा काढला नाही, फक्त जरा वर घेतला.

"बाय, ये इथं. या खांबाला वळखतेस?"

मी बघितलं. पडवीचे बाकीचे खांब चौकोनी, रंधा मारलेले. हा एकच गोल होता, काळपट, आणि मधोमध झिजून बारीक झालेला. तशी झीज हातांनी होते. वर्षानुवर्षं एकाच जागी धरलं की.

तो होडीवरचा वासा होता. डुबी मारणारा तोच वासा तळात रोवून त्याला धरून खाली उतरायचा आणि त्यालाच धरून वर यायचा. होडीवरचा माणूस सगळा वेळ वाशावर पंजा ठेवून असायचा. खालून एक ठोका आला की बादली ओढायची. दोन आले की माणूस वर येतोय. त्या दिवशी वाशावर पंजा धायादादाचा होता.

"यानंच आनून लावला," वहिनी म्हणाल्या. "होडी इकली तवा. बोलला, मी ह्याला सोडनार नाय. तवापासनं ओहोटी लागली का बसतो हात लावून. मी पयल्यांदी बोलायचे, येडा झाला. मग एक दिवस मीपन लावला हात."

"आणि?"

"तू लाव ना तुझं मशीन."

मी दुसरा बारीक माइक काढला. चिकटपट्टी लाकडावर बसेना. दोनदा सुटून आली, तेव्हा मी हाताने पुसायला गेले. वासा ओला होता. जमिनीपासून वीतभर, गुडघ्यापर्यंत, मग माझ्या बोटांखाली आणखी वर. मे महिन्यात, त्या कोरड्या ठणठणीत पडवीत. त्याला खाडीच्या गाळाचा वास येत होता. शेवटी मी माइक पट्टीने न लावता नुसता दाबून धरला, धायादादाच्या पंज्याशेजारी.

आत पाणी होतं. दुसरं काही म्हणता येणार नाही. लाकडात कान घातला आणि आत पूर्ण खाडी, जड, चालू. मग खालून, खूप खालून, एक ठोका. धायादादाचा डावा हात, जो मांडीवर होता, बादलीचा दोर ओढावा तसा आपोआप हलला. मग दोन ठोके.

फुर्र. श्वास. इतक्या जवळून की माझ्या मानेवरचे केस ओले झाल्यासारखे वाटले.

मी वाट पाहत राहिले. त्या श्वासानंतर एक शब्द यायला हवा होता. वर आल्यावर माणूस पाणी कपाळाला लावतो आणि मग. मला तो आवाज कसा येईल तेही माहीत होतं, थोडा घोगरा, दुसऱ्या अक्षरावर लांबवलेला.

नाही आला. थोडं थांबणं. कुणीतरी काहीतरी सांगतंय ते ऐकून घ्यावं, तेवढंच. आणि परत खाली.

"वर येतो," धायादादा म्हणाला. बहिऱ्यांचा असतो तसा त्याचा आवाज फार मोठा आणि सपाट होता, आम्ही सगळेच दचकलो. "वर येतो, परत जातो. वर येतो, परत जातो. दमला त्यो आता. अठरा वर्सं झाली. कोन पाठवतंय त्याला?"

पडवीत ऊन होतं तसंच होतं. शेजारच्या अंगणात कुणीतरी पापड वाळत घातले होते, त्यावर एक कोंबडी आली आणि कुणी तिला हाकललं नाही.

इक्बालभाई हळूच म्हणाले, "सर, कॅमेरा चालू ठेवू?"

"ठेव," सर म्हणाले. त्यांचा चेहरा पिठासारखा झाला होता. त्यांनी वाशाला हात लावला नाही, हेडफोन मागितले नाहीत. आमच्या तोंडांवरून त्यांना कळलं असावं. ते वहिनींसमोर पाटाशिवाय जमिनीवर बसले आणि अठरा वर्षं जे टाळलं ते एका दमात बोलून टाकलं.

"मी पाठवलं, मथुराबाई. बादली खाली राहिलेली नव्हती. त्याने झाली म्हटलं होतं. तो नको म्हणत होता. मी म्हटलं, एकदा अजून. माझ्या फिल्मसाठी."

मला वाटलं, संपलं. ज्यासाठी आलो ते झालं. मी वाशाला दाबलेल्या माइकमध्ये ऐकत होते. खाली, तळाशी, वाळूत बादली घासत होती.

वहिनी रडल्या नाहीत. त्यांनी पदर नीट केला, मघाशी सांगितलं होतं तसा.

"ते मना म्हाईत हाय," त्या म्हणाल्या. "त्याच सांच्याला मना कळलं होतं. धाया माझ्यापाशी खोटं बोलनार? बादलीची गोस्ट पोलिसांना सांगितली, ती तुम्ही बोललात म्हनून. नायतर तुमाला धरून नेला असता. हे गेले ते गेले, तुमाला नेऊन काय ते परत येनार होते?"

सरांनी मान खाली घातली.

"पन मना एकच कळत नाय, सायेब. अठरा वर्सं इचार करते. एकदा अजून कशाला? तुमाला पायजे ते झालं होतं की. मी धक्क्यावर उभी होते, भाकरी घेऊन. मना तिथवर ऐकू आलं, झाली. साफ. वाराही नव्हता. मग परत कशाला?"

सरांनी वर बघितलं. वहिनींकडे नाही, माझ्याकडे. क्षणभरच. संकलनाच्या खोलीत बघितलं होतं तसं. मग ते म्हणाले, "लाँच गेली होती, मथुराबाई. मागून. इंजिनाच्या आवाजात तो शब्द बिघडला."

"लाँच?"

"हो."

"त्या सांच्याला? ओहोटीला लाँच रुतंल ना, सायेब. पानीच नसते तेवढं." वहिनींच्या आवाजात राग नव्हता. त्या खरंच समजून घ्यायला बघत होत्या. "मी धक्क्यावर होते. खाडी मोकली होती. या टोकापासून त्या टोकापर्यंत तुमची एक होडी."

"होती, भाभी," कॅमेऱ्यामागून इक्बालभाई म्हणाले. "लाँच होती. मी बघितली."

इक्बालभाईंनी त्या दिवशी सगळी खाडी कॅमेऱ्यातून बघितली होती. ती चौकट मीही पुढे शंभर वेळा पाहिली आहे. तिच्यात जोमादादा आहे, पाणी आहे, आणि मागे क्षितिजापर्यंत काही नाही.

म्हणजे या दोघांना माहीत होतं. तेव्हापासून. मी सरांना टेप पुसली म्हणून सांगितलं आणि ते बरं म्हणाले, तेव्हाही. मला ताप आला तेव्हा इक्बालभाई रात्रभर उशाशी बसले होते, तेव्हाही. पारितोषिक घ्यायला मी स्टेजवर चढले आणि हे दोघं पहिल्या रांगेत टाळ्या वाजवत होते, तेव्हाही. माझ्याशी त्यांनी त्याबद्दल एक शब्द काढला नव्हता, आणि आत्ता, ज्या दिवसासाठी सर मन घट्ट करून आले होते त्याच दिवशी, ते माझ्यासाठी पुन्हा खोटं बोलत होते. सफाईने, एकमेकांकडे न बघता.

वाशात दोन ठोके पडले. धायादादाने डोळे मिटले.

त्या जुन्या मशीनला एक मोठी खुंटी होती. एक घर फिरवली की सुई हलते, कानात सगळं स्वच्छ ऐकू येतं, पण टेप थांबलेली असते. ते नुसतं तपासण्यासाठी. दुसऱ्या घरापर्यंत फिरवली की चाकं फिरायला लागतात. माझ्या मनगटावर ते लिहिलेलं होतं. पण दिवसभर होडीवर पाणी उडून शाई पुसली होती. जोमादादा वर आला, सुई नाचली, माझ्या कानात तो शब्द आला. इतका सुंदर, की मी डोळे मिटले. उघडले तेव्हा चाकं दिसली, थांबलेली.

माझा तो मशीनवरचा तिसरा दिवस होता. सर विचारत होते, "शालन, आवाज?" मी म्हणाले, "लाँच गेली सर." ते मला कुठून सुचलं ते आजही माहीत नाही. बाकीचं माझ्याकडे टेपवर आहे, कपाटात, वरच्या फळीवर, कारण तोवर मी खुंटी दुसऱ्या घरापर्यंत फिरवली होती. सर म्हणतात, एकदा अजून, जोमा. तो म्हणतो, झाली बोललो ना मी, सायेब. मग हसतो. मग होडीच्या कडेला धरून माझ्याकडे वळतो, त्याचा आवाज माइकच्या अगदी जवळ येतो, "बाय, नीट ऐक हां या खेपेला." त्यानंतर अकरा मिनिटं पाणी आहे.

फुर्र. श्वास.

तो थांबला होता. मला ते कळत होतं, लाकडात, तळव्याखाली. वर येऊन, वाशाला धरून, कुणीतरी काहीतरी सांगेल म्हणून थांबला होता.

मी माझ्या मांडीवरच्या मशीनकडे बघितलं. लाल दिवा लागलेला होता. आकडे पुढे सरकत होते. तरी मी दोनदा बघितलं.

"शालन," सर म्हणाले, "राहू दे. हेडफोन काढ. आपण निघू."

मी हेडफोन काढले. माइक वाशाला होता तसाच दाबून धरला.

"लाँच नव्हती, वहिनी," मी म्हणाले. "मशीन चालू नव्हतं. मी चालू केलंच नव्हतं. आवाज नीट आला होता. झाली म्हणाले होते ते, पहिल्याच खेपेला. मी ऐकलं होतं."